‘काही बदल झाला आहे का?’ भोसरीतला बुश आणि नागोयाजवळची थबकणारी लाइन

या प्रकरणात मी दुभाषी होते. दोन्हीकडच्या कंपन्यांची आणि माणसांची नावं देत नाही, मालाचं वर्णन जरा फिरवलं आहे, नगांचे आकडे ढोबळ केले आहेत. घटना मात्र ज्या क्रमाने घडल्या त्याच क्रमाने लिहिल्या आहेत, माझ्या चुकांसकट.

पार्श्वभूमी

कारखाना भोसरी एमआयडीसीतला. बाप-लेक चालवतात, साठेक माणसं, अकरा सीएनसी लेथ. थोरल्यांना सगळे ‘साहेब’ म्हणतात, मुलाला ‘दादा’. मीही इथे तेच म्हणेन.

२०२१ मध्ये त्यांना जपानच्या आइची प्रांतातून एका स्टीलच्या बुशचं काम मिळालं. नागोयाच्या पूर्वेला मिकावा नावाचा पट्टा आहे. तोयोता शहर, कारिया, आंजो, ओकाझाकी ही गावं त्यातली. वाहनउद्योगाला माल पुरवणाऱ्यांची तिथे उतरंड रचलेली आहे, आणि उतरंडीतलं खालचं मडकं हललं की काय होतं ते सांगायला नको. आपला ग्राहक त्यात मधल्या थरावर. तो पंप जुळवतो, त्यात हा बुश बसतो.

भोसरी आणि ग्राहक यांच्यामध्ये नागोयातली एक लहान ट्रेडिंग कंपनी. साहेब तिला पहिली दोन वर्षं ‘दलाल’ म्हणायचे. खरं तर ती माल स्वतः येनमध्ये विकत घ्यायची, स्वतःच्या गोदामात महिन्याभराचा साठा ठेवायची, महिनाअखेर हिशेब मिटवून पुढच्या महिनाअखेरीला पैसे द्यायची आणि ग्राहकाची बोलणी आधी स्वतः खायची. तिकडून एक पन्नाशीचे गृहस्थ हे काम बघत. त्यांना मी ‘मधले-सान’ म्हणते (‘सान’ म्हणजे आपलं ‘जी’). ग्राहकाच्या क्वालिटी विभागाच्या प्रमुखाला तिकडे हुद्द्यानेच ‘काचो’ म्हणतात, आपणही तेच म्हणू.

बुश साधा. अंगठ्याच्या पेराएवढा, मधून आरपार भोक, त्याला छेदणारं एक आडवं भोक. दोन भोकं जिथे भेटतात तिथे धातूची बारीक धारदार कोर उरते, तिला बर म्हणतात. ती काढायला सहा बायका एका लांब टेबलावर बसायच्या. डाव्या हातात बुश, उजव्या हातात बारीक ब्रश, वर दिवा. काम छान व्हायचं, पण मजुरी लागायची.

आता पैशाचं. २०२१ मध्ये भाव ठरला तेव्हा १०० येनचे साधारण ६७ रुपये यायचे. २०२४ च्या सुरुवातीला ते ५६-५७ वर आले, आणि त्या जुलैत ५२ च्या आसपास. भाव येनमध्ये बांधलेला. म्हणजे तोच बुश, तेच काम, आणि हातात पडणारे रुपये पाचातला एक भाग कमी. स्टील आणि पगार तर उलट्या दिशेने चाललेले.

म्हणून जानेवारी २०२४ मध्ये व्हिडिओ कॉलवर साहेबांनी भाववाढ मागितली. मधले-सान होते, काचो होते, खरेदी विभागातला एक तरुण होता. साहेब मोकळेपणाने बोलले. शेवटी खरेदीतला तरुण म्हणाला, “केन्तो शिमास.” मी भाषांतर केलं, “विचार करतो म्हणतायत.” शब्दाला शब्द लावला तर बरोबरच. साहेबांनी डायरीत लिहिलं, ‘एप्रिलपासून नवीन भाव.’ त्यांचंही आर्थिक वर्ष एप्रिललाच सुरू होतं, त्यामुळे ते अगदी जुळून आलं.

एप्रिल आला नि गेला. दादाने आठवण केली तर उत्तर आलं की हे जरा ‘मुझुकाशीइ’ आहे, म्हणजे अवघड आहे. आपल्याकडे अवघड म्हटलं की माणूस बाह्या सरसावतो. तिकडे या शब्दानंतर माणसं फाईल बंद करतात. हे मला माहीत होतं. मी ते साहेबांना जानेवारीत सांगितलं नाही, मेमध्ये सांगितलं.

मेच्या अखेरीस साहेबांनी जुनं व्हायब्रो मशीन घेतलं. मोठं थरथरणारं भांडं असतं, त्यात सिरॅमिकचे दगड आणि बुश एकत्र घुसळायचे. बर आपोआप निघते. सहा बायकांपैकी चौघी दुसऱ्या कामावर गेल्या. माल आधीपेक्षा एकसारखा दिसू लागला. साहेबांच्या लेखी हे कायझेन होतं, म्हणजे कामात सतत करत राहायची सुधारणा, आणि तो शब्द त्यांच्या भिंतीवर गेली पंधरा वर्षं रंगवलेला आहे.

जपानला कोणी काही कळवलं नाही. कळवायचं असतं हे कोणाच्या मनातही आलं नाही.

काय झालं

न्हावा-शेव्यापासून नागोया बंदरापर्यंत माल पोचायला चारेक आठवडे लागतात. जूनचा लॉट गोदामात पडून होता. ऑगस्टच्या मध्यात ओबोनची सुट्टी असते, आपल्या पितृपक्षासारखा पूर्वजांचा काळ, सगळे गावी जातात. सुट्टी संपल्यावर लाइन सुरू झाली आणि हा लॉट लागला.

मंगळवार, २७ ऑगस्ट. जपानी घड्याळात सकाळचे आठ चाळीस, भोसरीत पहाटेचे पाच दहा. मधले-सानंचा मेल आला. विषय होता, ‘खात्री करून घेण्याबद्दल विनंती’. सुरुवातीला नेहमीचं ‘आपली सदैव कृपा आहे’, मग दोन ओळी: ताज्या लॉटच्या दिसण्यात किंचित फरक जाणवतो, ‘हेन्काटेन’ काही आहे का, सवडीने कळवावं. फोटो नाही, तक्रारीचा सूर नाही. मी भाषांतर पाठवलं: ‘काही बदल झाला आहे का?’

दादा काळजीपूर्वक काम करणारा मुलगा आहे. त्याने उत्तर घाईने दिलं नाही. पन्नास बुश काढले, मोजणीच्या यंत्रावर घेतले, आतला व्यास, बाहेरचा व्यास, लांबी, कोपऱ्याचा उतार, सगळं ड्रॉइंगशी ताडून पाहिलं. शुक्रवारी रिपोर्ट जोडून लिहिलं: कोणताही बदल नाही, सर्व मापं ड्रॉइंगप्रमाणे.

तो बुशबद्दल बोलत होता. त्यांनी विचारलं होतं प्रक्रियेबद्दल. ‘हेन्काटेन’ हा तिकडच्या कारखान्यातला ठरलेला शब्द आहे. माणूस, मशीन, माल, पद्धत या चारांपैकी काहीही बदललं, तर तो बदलाचा बिंदू. नवा कामगार बसला तरी हेन्काटेन, इन्सर्टची, म्हणजे लेथच्या कापणाऱ्या टोकाची, कंपनी बदलली तरी हेन्काटेन. त्या अर्थाने दादाचं ‘कोणताही बदल नाही’ हे धडधडीत खोटं होतं, आणि ते लेखी गेलं होतं.

सोमवारी, २ सप्टेंबरला दुसरा मेल आला. पहिल्या मेलला प्रत जाणारे दोघं होते, याला सात. मी मजकूर वाचायच्या आधी ती नावांची ओळ वाचते, ती सवय मला जपानी कंपनीतल्या माझ्या पहिल्या नोकरीत लागली. मजकूर तितकाच मऊ होता. पण सातांत ग्राहकाच्या उत्पादन विभागाचा प्रमुख होता. त्याचं नाव येतं म्हणजे लाइनला काहीतरी झालं आहे.

दुपारी मधले-सानंचा फोन आला. म्हणाले, “चोत्तो कोमात्ते इमास.” जरा अडचणीत आहोत. इतक्या वर्षांत त्यांच्या तोंडून हे वाक्य मी पहिल्यांदाच ऐकलं. मी रिक्षा करून भोसरी गाठली.

मग उलगडलं ते असं. जुळणीच्या लाइनवर एक कॅमेरा बुश सरळ आहे की उलटा ते बघतो. कोपऱ्याच्या उतारावरून दिव्याचा उजेड परावर्तित होतो आणि चकचकीत कडं दिसतं, त्यावरून. व्हायब्रोत घुसळल्यावर त्या उताराची कड गोलसर आणि निस्तेज झाली होती. माप ड्रॉइंगच्या आत, पण कडं पुसट. कॅमेरा काही नग ओळखत नव्हता आणि लाइन दर थोड्या वेळाने थबकत होती. अशा थबकण्याला ते ‘चोको-तेइ’ म्हणतात. एकेक खोळंबा अर्ध्या-पाऊण मिनिटाचा, पण दिवसभरात मिळून शिफ्टचा हिशेब कोलमडतो.

कॅमेऱ्याच्याही आधी हे एका बाईच्या लक्षात आलं होतं. लाइनवर बुश भरणाऱ्या कामगार बाईने रोजच्या नोंदवहीत लिहिलं होतं: ‘आजची पेटी हाताला गुळगुळीत लागते.’ ती एक ओळ सुपरवायझरकडून काचोकडे, तिथून मधले-सानंकडे आणि तिथून माझ्याकडे ‘किंचित फरक’ होऊन आली होती.

समोरचे पर्याय

त्या संध्याकाळी केबिनमध्ये साहेब, दादा, क्वालिटीचे कुलकर्णी (नाव बदललेलं) आणि मी. चहा दोनदा झाला.

साहेबांचं पहिलं म्हणणं सरळ होतं. “मॅडम, ड्रॉइंगमध्ये बसतंय ना? मग त्यांचा कॅमेरा बघत नाही हा माझा प्रॉब्लेम कसा?” ड्रॉइंगवर भांडायचं, हा पहिला पर्याय. तो तपासायला आम्ही २०२१ चा क्वालिटी करार काढला. मुख्य करार इंग्रजीत, मागे जोडलेलं परिशिष्ट जपानीत. त्यात स्वच्छ लिहिलं होतं: प्रक्रियेत कोणताही बदल करण्याआधी अर्ज करायचा आणि मंजुरी मिळेपर्यंत जुन्याच पद्धतीने माल द्यायचा. खाली साहेबांची सही. सही करताना परिशिष्टाचं भाषांतर कोणी केलं होतं? कोणीच नाही. मला भावाची पानं दिली होती आणि पानामागे पैसे होते. परिशिष्टावर नजर टाकून मी म्हटलं होतं, “बाकी नेहमीचंच आहे.” नेहमीचंच होतं. बहुतेक जपानी कंपन्यांच्या अशा करारात ते कलम असतं.

दुसरा पर्याय कुलकर्णींनी मांडला: कामगाराची चूक दाखवायची. नवीन मुलाने न विचारता व्हायब्रो लावलं, त्याला समज दिली, प्रशिक्षण दिलं, विषय बंद. आपल्याकडच्या अनेक ग्राहकांना असा कागद चालतो, हे मीही पाहिलं आहे. इथे अडचण दुहेरी होती. एक तर ते खोटं होतं. दुसरं म्हणजे, साठ माणसांच्या कारखान्यात नवीन मुलगा एकट्याने सगळी प्रक्रिया बदलू शकतो, असं त्यातून सिद्ध झालं असतं, आणि ते खऱ्यापेक्षा वाईट.

तिसरा पर्याय दादाचा: लॉटवर सूट द्या, माणूस खूश. मधले-सानंना मी फोनवर हलकेच विचारलं. ते काही क्षण गप्प बसले, मग म्हणाले की पैशाचं नंतर बघू. कारण समजायच्या आधी पैसे पुढे केले, तर कारण शोधायची इच्छा नाही असा त्याचा अर्थ होतो.

चौथा पर्याय होता सगळं जसं आहे तसं सांगायचा आणि जाऊन भेटायचा. यात धोका उघड होता. ‘कोणताही बदल नाही’ हे वाक्य मागे घ्यावं लागणार होतं.

साहेब बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले ते मला अजून आठवतं: “भाव वाढवत नाहीत म्हणून खर्च कमी केला. माल आधीपेक्षा चांगला केला. आणि माफीही आम्हीच मागायची?”

या प्रश्नाला माझ्याकडे तेव्हाही पूर्ण उत्तर नव्हतं. ही व्यवस्था लहान पुरवठादारावर फार ओझं टाकते. येन घसरल्याचा तोटा त्याच्या माथी आणि तो भरून काढायची मोकळीक मात्र दुसऱ्याच्या परवानगीवर. पण ज्याच्या पंपात दहा गावांचे पन्नास भाग बसतात, त्याला प्रत्येकाची ‘सुधारणा’ आधी कळली नाही तर रात्री झोप लागणार नाही, हेही तितकंच खरं. आणि कायझेनचं म्हणाल तर, ज्यांचा तो शब्द आहे त्यांच्याकडे कायझेन आधी कागदावर होतं, मग मशीनवर.

चौथा पर्याय ठरला. कोणी पटवून दिलं म्हणून नाही. करारावरची सही बघितल्यावर साहेब म्हणाले, “सही माझी आहे. जाऊ.”

काय केलं

त्याच रात्री एक छोटा मेल गेला: मागचं उत्तर चुकीचं होतं, जूनपासून बर काढायची पद्धत बदलली आहे, व्हायब्रोचं काम थांबवलं आहे, बदललेला माल कुठे किती आहे ते उद्या दुपारपर्यंत कळवतो. चार वाक्यं. त्यावर मधले-सानंचं उत्तर रात्री साडेनऊला आलं, म्हणजे तिकडे एक वाजला होता. फक्त धन्यवाद होते.

दुसऱ्या दिवशी माल शोधला. जूनचा लॉट लाइनवर, जुलैचा नागोयाच्या गोदामात, ऑगस्टचा समुद्रात. याशिवाय भोसरीत दोन पेट्या. दादाने एका पानावर चारही जागा, पेटीक्रमांक आणि नग लिहिले. काचोंनी पुढे सगळ्यात जास्त वेळा विचारला तो हाच कागद.

मग जुन्या पद्धतीचे बारा हजार बुश. गणपती शनिवारी, सातला. बाहेर मांडवाचे बांबू ठोकले जात होते. दुसऱ्या कामावर गेलेल्या चौघी टेबलावर परत आल्या. त्यातल्या सगळ्यात जुन्या मावशींनी दोन्ही बुश बोटात फिरवून पाहिले आणि म्हणाल्या, “हा वेगळा लागतोय की.” मिकावातल्या त्या बाईने लिहिलं तेच. तीन महिने त्यांना कोणी विचारलं नव्हतं. बुध-गुरुवारी दोन शिफ्टमध्ये काम आटोपलं, आणि शुक्रवारी माल विमानाने गेला. त्याचं भाडं ऐकून साहेबांनी डोळे मिटले.

रिपोर्टने मात्र घाम काढला. तिकडच्या नमुन्यात कारणाचे दोन रकाने असतात: दोष का निर्माण झाला, आणि तो बाहेर का गेला. कुलकर्णींनी पहिल्या मसुद्यात लिहिलं, ‘कारण: संवादाचा अभाव. उपाय: प्रशिक्षण दिले.’ मधले-सान म्हणाले, मसुदा भेटीआधी काचोंना दाखवतो. साहेब चकित. “भेटायच्या आधीच दाखवायचं, तर भेटायचं कशाला?” याला नेमावाशी म्हणतात. शब्द बागकामातला आहे: झाड हलवण्याआधी त्याच्या मुळांभोवती खणून ती मोकळी करायची. बैठकीत कोणालाही धक्का बसता कामा नये, म्हणून प्रत्येकाला आधी एकेकटं गाठायचं.

मसुदा परत आला तेव्हा ‘संवादाचा अभाव’च्या शेजारी पेन्सिलने एकच शब्द होता, ‘नाझे?’ का? आम्ही उत्तर लिहिलं, त्याच्यापुढे पुन्हा ‘नाझे?’ चौथ्या वेळी कुलकर्णींनी पेन टेबलावर टाकला आणि म्हणाले, “कारण आपल्याकडे बदल करायला कोणाची परवानगीच लागत नाही. साहेब म्हणाले की होतं.” केबिनमध्ये शांतता. साहेब म्हणाले, “लिहा तेच.” आणि बाहेर का गेला? कारण पाठवण्याआधी फक्त मापं तपासली जातात, आधीच्या मालाशेजारी ठेवून कोणी बघत नाही. बघायला आधीचा नमुनाच जपून ठेवलेला नव्हता.

दीड दिवसाच्या गणपतीचं विसर्जन करून साहेब आणि मी रविवारी रात्री निघालो. मुंबईहून बँकॉकमार्गे नागोया. बुधवारी, ११ तारखेला भेट. साहेबांनी बाकरवडीचे दोन मोठे पुडे आणले होते. मी विमानतळावर ते पाहिले आणि कपाळाला हात लावला. जपानी ऑफिसात खाऊ टेबलाटेबलावर एकेक वाटतात, म्हणून प्रत्येक नग वेगळा बांधलेला लागतो. अर्धा किलोचा पुडा कोण, कशात, कसा वाटणार? नागोया स्टेशनवर लहान कागदी पिशव्या घेतल्या आणि हॉटेलच्या खोलीत बसून आम्ही पाच-पाच बाकरवड्या भरल्या. साहेब म्हणाले, “लग्नातसुद्धा एवढं केलं नव्हतं.”

बैठकीला समोर नऊ जण. दहा मिनिटं आधी पोचलो, बसा म्हणेपर्यंत उभे राहिलो. साहेबांनी एक वाक्य जपानीत पाठ केलं होतं, ते बोलून वाकले. रिपोर्ट वाचला गेला. दोन प्रश्न आले, दोन्हींची उत्तरं आधी ठरलेली. चाळीस मिनिटांत संपलं. कोणी आवाज चढवला नाही, कोणी माफ केलं असंही म्हटलं नाही. लिफ्टकडे जाताना साहेब कुजबुजले, “एवढ्यासाठी आलो?”

त्यानंतर काचो म्हणाले, लाइन बघणार का?

टोपी, चष्मा, बूट बदलून आत गेलो. कॅमेऱ्याचा पडदा त्यांनी आमच्याकडे वळवला. जुन्या पद्धतीचा बुश ठेवला, पडद्यावर पातळ पांढरं कडं उमटलं, पौर्णिमेच्या चंद्राला पडावं तसं. व्हायब्रोचा ठेवला, कडं विरलेलं, एका बाजूला तुटलेलं. साहेब गुडघ्यावर बसले आणि दोन्ही बुश आलटून पालटून दिव्याखाली धरत राहिले. पाच मिनिटं गेली असतील. मग त्यांनी मला न विचारता, हाताने, काचोंना विचारलं: दिवा जरा वरून आला तर? काचो त्यांच्या शेजारी उकिडवे बसले. पुढची वीस मिनिटं माझी फारशी गरज पडली नाही.

निकाल

विमानाने गेलेल्या मालामुळे लाइन बंद पडली नाही. गोदामातला आणि समुद्रातला लॉट ‘तोकुसाइ’ म्हणून घेतला गेला. म्हणजे मापात आहे, पण ठरल्यापेक्षा वेगळा आहे, तरी खास परवानगीने वापरायचा. त्यासाठी अर्ज आपणच करायचा. पेट्यांना वेगळी लेबलं, आणि त्या शिफ्टला कॅमेऱ्याचा दिवा थोडा फिरवून शेजारी एक इंजिनिअर उभा. हे ऐकून दादा म्हणाला, “मग पहिल्याच दिवशी दिवा फिरवला असता तर?” मी हसले, पण प्रश्न रास्त आहे. उत्तर एवढंच की काय बदललं आहे हेच माहीत नसताना दिवा फिरवला, तर उद्या आणखी काय बदललेलं दिसणार नाही, हे कळायला मार्ग उरत नाही.

विमानभाडं, प्रवास, जादा मजुरी मिळून व्हायब्रोने त्या वर्षी जेवढं वाचवलं असतं त्याहून जास्त गेलं. काम मात्र गेलं नाही.

भोसरीत तीन गोष्टी बदलल्या. बदलाचा एक पानी अर्ज आला, त्यावर साहेबांनासुद्धा सही घ्यावी लागते. ‘गेन्दो मिहोन’ आले, म्हणजे चालेल आणि चालणार नाही यांच्या सीमेवरचे नमुने, दोन्हीकडच्या सह्यांच्या डबीत, एक जोडी भोसरीत, एक मिकावात. आणि मावशी आता दर लॉटमधले दहा नग त्या डबीशेजारी ठेवून बघतात.

भाववाढ मिळाली नाही. पण लाइनवरच्या त्या दुपारी काचोंनी एक गोष्ट सांगितली. व्हायब्रो लावून खर्च कमी होतो, हे तुम्ही मार्चमध्ये प्रस्ताव म्हणून पाठवलं असतं, तर मला वर फिरवायला कागद मिळाला असता. तिकडे एकटा काचो ‘हो’ म्हणू शकत नाही. कागद टेबलावरून टेबलावर जातो, प्रत्येक जण शिक्का मारतो, त्याला रिंगी म्हणतात. जानेवारीच्या कॉलवर साहेबांनी जे तळमळीने सांगितलं, त्यातलं शिक्का मारण्याजोगं काहीच नव्हतं.

ऑक्टोबरमध्ये प्रस्ताव गेला: तेच व्हायब्रो, बारीक दगड, कमी वेळ, वाचणाऱ्या खर्चाचा काही भाग ग्राहकाला.

वेगळं काय करता आलं असतं

निर्णयाचे क्षण मागे वळून पाहिले तर पहिला जानेवारीचा. ‘केन्तो शिमास’ ऐकल्यावर विचारायला हवं होतं की विचार करायला तुम्हाला आमच्याकडून कोणते आकडे लागतील. खरा विचार चालणार असेल तर यादी येते. नसेल तर तेही तिथेच कळतं. आणि मी शब्दाबरोबर त्याचं वजनही सांगायला हवं होतं. दुभाष्याने आपलं मत घालू नये असं आम्हाला शिकवतात. त्या नियमाच्या आड मी जरा जास्तच लपले.

दुसरा २७ ऑगस्टचा. दादाचे तीन दिवस मोजणीत गेले, पण तिकडे ते तीन दिवस शांततेचे होते. ‘मेल मिळाला, तपासतोय, गुरुवारी दुपारपर्यंत कळवतो’ एवढं त्याच सकाळी गेलं असतं तर प्रतींची यादी दोनावरून सातावर गेली नसती, असं मला वाटतं. आणि मी ‘हेन्काटेन’ला ‘बदल’ म्हणून सोडून न देता एक ओळ जास्त लिहिली असती, तर दादाने मोजणीच्या यंत्राकडे न जाता व्हायब्रोकडे बोट दाखवलं असतं.

परिशिष्टाबद्दल मी वर लिहिलंच आहे. आता मी अशा कामाचे पानामागे पैसे घेत नाही.

ग्राहकाचंही थोडं चुकलं, हे लिहायला हरकत नाही. लाइन दिवसातून अनेकदा थबकत असताना ‘सवडीने कळवावं’ लिहायचं, तेही फोटोशिवाय, हे सभ्यतेचं टोक झालं. मी काचोंना नंतर तसं म्हटलं. त्यांनी वही काढून लिहून घेतलं. त्यानंतरच्या प्रत्येक मेलला फोटो असतो, आणि ‘हेन्काटेन’च्या पुढे कंसात चार शब्द: माणूस, मशीन, माल, पद्धत.

एक गोष्ट मात्र मी आजही ठरवू शकलेले नाही. साहेबांनी पहिल्या दिवशी ड्रॉइंगवर भांडायचं ठरवलं असतं आणि करारात ते परिशिष्ट नसतं, तर मी त्यांना काय सल्ला दिला असता? बहुधा ‘तरीही जाऊन भेटा’ असंच म्हटलं असतं. पण मग त्यांच्या त्या केबिनमधल्या प्रश्नाचं उत्तर मला जास्त चांगलं द्यावं लागलं असतं.

खंडेनवमीला मी भोसरीत होते. सगळ्या लेथना झेंडूची तोरणं, हळदीकुंकू. कोपऱ्यात व्हायब्रो प्लास्टिकच्या कापडाखाली झाकलेलं होतं. मावशींनी कापड बाजूला करून त्यालाही हार घातला आणि पुन्हा झाकलं. मंजुरीला पुढे दहा महिने लागले. पुढच्या ऑगस्टमध्ये त्या मशीनमधून निघालेली पहिली पेटी नागोयाला गेली, तेव्हा तिच्यावर पिवळा कागद होता: ‘बदलानंतरचा पहिला माल’. तो कागद दादाने स्वतः चिकटवला, चारही कोपऱ्यांना टेप लावून.